बघणारी मुलगी

'फँड्री'तली शालू डोळ्यांसमोर आणायला वेळ लागत नाही. शाळेचा गणवेश, मैत्रिणींचा घोळका, किंचित वळलेली मान, आणि तिच्याकडे टक लावून बसलेला जब्या. आता तिचं एखादं वाक्य आठवून पाहा. मी बराच वेळ प्रयत्न केला, नाही आठवलं. नागराज मंजुळे यांचा हा चित्रपट फेब्रुवारी २०१४ मध्ये महाराष्ट्रभर लागला तेव्हा आपण सगळे जब्याच्या बाजूने बसून शालूकडे बघत होतो. काळ्या चिमणीची राख तिच्यावर टाकली की ती आपली होईल, या वेड्या आशेने तो रानोमाळ फिरत होता. जीन्स घ्यायची म्हणून सायकलवर पेप्सीकोला विकत होता. हे सगळं जिच्यासाठी चाललं होतं, तिला त्यातलं काहीही ठाऊक नव्हतं.

शेवटी जब्याच्या घरच्यांना गावादेखत डुक्कर धरावं लागतं. गाव तमाशा बघायला जमतं, हसतं, आणि त्या हसण्यात शालूही असते. हा प्रसंग माझ्या मते मराठी सिनेमातल्या सर्वांत निर्भीड प्रसंगांपैकी एक आहे. दीड तास मनात बसवलेली मूर्ती त्या हसण्याने खाली येते आणि तिच्या जागी गावातली एक साधी मुलगी उरते. जातीच्या सावलीत वाढलेली, इतरांसारखीच, बघायचं तेवढंच बघायला शिकलेली. मंजुळ्यांना हे पक्कं ठाऊक होतं. शालू जब्याच्या मनात होती तशी बाहेर कुठेच नव्हती. मात्र जी बाहेर होती, तिच्या मनात काय होतं, हा प्रश्न त्या चित्रपटाने हाती घेतला नाही. तो चित्रपट जब्याचा होता आणि जब्याचाच असायला हवा होता.

अडचण एका चित्रपटाची नाहीच. गेल्या पंधरावीस वर्षांत मराठी पडद्यावर वयात येणाऱ्या मुली पुष्कळ आल्या, प्रेक्षकांच्या लाडक्या झाल्या. पण बहुतेक जणी कुठल्या तरी मुलाच्या आठवणीतून चालत आल्या. त्याने त्यांना जसं पाहिलं तशा त्या आपल्याला दिसल्या. त्यांनी काय पाहिलं, कुणाकडे पाहिलं, रात्री पांघरुणात काय मनात घोळवलं, हे आपल्याला अजून फारसं माहीत नाही.

'शाळा'चं उदाहरण घेऊ. मिलिंद बोकिलांची कादंबरी २००४ साली मौज प्रकाशनाने काढली. तिच्यावर सुजय डहाके यांनी केलेला चित्रपट जानेवारी २०१२ मध्ये प्रदर्शित झाला आणि त्याला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणीबाणीचा काळ, नववीचा वर्ग, अर्धवट बांधलेल्या इमारतीत बसणारी चार मुलं. मुकुंद जोशी या मुलाला वर्गातली शिरोडकर आवडते. आपणही तिला आडनावानेच ओळखतो, कारण मुलं तिला तशीच ओळखतात. कादंबरी मुकुंद सांगतो, तेव्हा तिथे शिरोडकर दुरूनच दिसणार हे ओघाने आलं. बोकिलांनी त्या वयाच्या मुलाचं मन इतक्या प्रामाणिकपणे लिहिलं आहे की त्याला जे कळत नाही ते कळल्याचा आव कुठेच आणलेला नाही. त्या कादंबरीवर माझं अतोनात प्रेम आहे.

पण कॅमेऱ्याला ही अट नव्हती. तो शिरोडकरच्या घरात जाऊ शकत होता. संध्याकाळी क्लासवरून परतताना तिच्या पोटात काय कालवलं, आईच्या हाताखाली पोळ्या लाटताना तिने कुठलं वाक्य मनात पुन्हा पुन्हा म्हटलं, हे तो पाहू शकत होता. डिएगो रोमेरो या स्पॅनिश छायालेखकाने त्या शाळेवर, त्या टेकाडांवर इतकं कोवळं ऊन पाडलं आहे की केतकी माटेगावकरचा चेहरा आठवणीतलाच वाटतो. तसा वाटावा हीच त्यांची इच्छा असणार. शेवटी शिरोडकर ते गाव सोडून निघून गेलेली असते. मुकुंदाला एक जखम मिळते आणि त्या जखमेतून त्याला जग थोडं कळतं. तिला काय मिळतं? नवं गाव, नवी शाळा आणि घरच्यांची वाढलेली नजर. तिची गोष्ट जिथे सुरू व्हायची तिथे चित्रपट संपतो.

दोन वर्षांनी 'टाइमपास'मध्ये केतकीच प्राजक्ता लेले झाली. सालस, गाणारी, वडिलांच्या धाकातली प्राजक्ता आणि दहावी नापास दगडू. चित्रपट तुफान चालला. त्यातला खट्याळपणा, भाषा, जिवंतपणा सगळा दगडूच्या वाट्याला. प्राजक्ताच्या वाट्याला डोळे आणि गळा.

मुलांच्या आठवणीतून आलेल्या मुलींचा असाच एक चित्रपट परदेशातही आहे. अमेरिकेतल्या डेट्रॉइटजवळच्या एका उपनगरावर सोफिया कोपोला यांनी १९९९ साली पहिला चित्रपट केला, 'द व्हर्जिन सुइसाइड्स'. जेफ्री युजेनिडिस यांच्या १९९३च्या कादंबरीवर तो बेतलेला आहे. सत्तरच्या दशकातल्या पाच लिस्बन बहिणी आणि समोरच्या घरांतून त्यांच्याकडे दुर्बिणीने बघणारी मुलं. ती मुलं मोठी झाल्यावर ही गोष्ट सांगतात. बहिणींच्या वस्तू त्यांनी जपून ठेवल्या आहेत, एकीची रोजनिशी पाठ केली आहे, आणि इतकं सगळं करून त्या मुली का गेल्या याचा पत्ता त्यांना लागलेला नाही. सर्वांत धाकटी, तेरा वर्षांची सेसिलिया, आत्महत्येच्या पहिल्या प्रयत्नानंतर डॉक्टरसमोर असते. या वयात आयुष्य नकोसं व्हायला झालंय काय, असा त्याचा सूर असतो. तुम्ही कधी तेरा वर्षांची मुलगी झाला नव्हता, एवढंच ती सुचवते. पुढचा सगळा चित्रपट त्या एका उत्तरावर उभा आहे. ऊन तिथेही तसंच सोनेरी आहे, केस तसेच उडतात. फरक एवढाच की कोपोलांनी त्या सोनेरी उजेडालाच जाब विचारला. मुलांनी पूजा केली, आणि पूजेच्या धुरात त्यांना मुली दिसल्याच नाहीत.

आपल्याकडे ही मुलगी आली कुठून, हे पाहायला थोडं मागे जावं लागतं. गोविंद बल्लाळ देवलांचं 'संगीत शारदा' १८९९ सालचं. म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधली जाणारी कोवळी मुलगी आणि ती भूमिका करणारे पुरुष नट. शारदेला काय हवं आहे हे नाटकात येतं, पण ते नकाराच्या रूपात: हा नवरा नको. १९२९च्या शारदा कायद्याने मुलीचं लग्नाचं वय १४ ठरवलं. त्यानंतर आठ वर्षांनी, १९३७ साली, प्रभातने ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून 'कुंकू' काढला. व्ही. शांतारामांच्या दिग्दर्शनाखाली शांता आपटे यांची नीरा अशी काही उभी राहिली की आज पाहतानाही आपण सावरून बसतो. फसवून लावलेलं लग्न ती मान्य करत नाही, म्हाताऱ्या काकासाहेबांना नवरा मानत नाही, घरात राहून घराशी लढते. तिच्या बाजूने उभी राहते ती काकासाहेबांची समाजकार्य करणारी मुलगी, आणि ही भूमिका केली होती शकुंतला परांजपे यांनी. र. धों. कर्व्यांच्या संततिनियमनाच्या कामात प्रत्यक्ष झटणारी ही बाई पडद्यावरही सावत्र आईची मैत्रीण होते, याचं मला नेहमी अप्रूप वाटत आलं आहे.

पण नीरेलाही शेवटी सुटका मिळते ती काकासाहेबांच्या मरणातून. तिला कोण हवं होतं, कुठे जायचं होतं, हे 'कुंकू' विचारत नाही. नको म्हणण्याचा हक्क मिळवायला मराठी रंगभूमी आणि पडद्याला जवळजवळ चाळीस वर्षं लागली. हवं म्हणण्याचा हक्क त्याहून फार उशिरा आला.

हिंदीत मात्र १९७० आणि १९७१ या लागोपाठच्या वर्षांत दोन चित्रपट आले, आणि ते शेजारी ठेवून पाहण्याजोगे आहेत. पहिला राज कपूरचा 'मेरा नाम जोकर'. त्याच्या पहिल्या भागात शाळकरी राजू आपल्या शिक्षिकेवर, मेरीवर जीव टाकतो. कोवळा ऋषी कपूर, सिमी गरेवाल, मिशनऱ्यांची शाळा. मुलाची ती ओढ चित्रपट किती हळुवारपणे हाताळतो! तिच्यातली शारीरिक जाणीवही लपवत नाही. मेरीला ते कळतं, ती त्याला हिणवत नाही, दुखवत नाही. राजूच्या साऱ्या आयुष्याचा, त्याच्या कलेचा उगम म्हणून त्या ओढीला मान मिळतो.

दुसरा हृषिकेश मुखर्जींचा 'गुड्डी'. कुसुम ऊर्फ गुड्डी ही शाळकरी मुलगी धर्मेंद्रच्या प्रेमात आहे. साधीसुधी चाहती नव्हे. मीरेने कृष्णाला वरलं तसं आपण त्याला वरलंय असं तिला मनापासून वाटतं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून नुकतीच बाहेर पडलेली जया भादुरी, गुलजारांची कथा, आणि वसंत देसायांचं संगीत. प्रभातमध्ये घडलेल्या या कोकणी माणसाने वाणी जयरामच्या आवाजात दिलेली शाळेची प्रार्थना आजही महाराष्ट्रातल्या कितीतरी शाळांच्या मैदानांवर सकाळी ऐकू येते. गुड्डी अंधाऱ्या चित्रपटगृहात बसून पडद्याकडे बघते, मनाने नायिकेच्या जागी जाऊन उभी राहते, तेव्हा जयाच्या चेहऱ्यावर जे उमटतं ते हिंदी सिनेमाने मुलीच्या ओढीला दिलेलं फार सुंदर रूप आहे. ती बघते आहे. सबंध चित्रपट तिच्या बघण्यातून सुरू होतो.

आणि मग सगळे मिळून तिला बरं करायला घेतात. तिच्याशी लग्नाला उत्सुक नवीन, त्याचा मामा आणि स्वतः धर्मेंद्र, असे तीन पुरुष एकत्र बसून बेत आखतात. तिला स्टुडिओ दाखवायचा, पडद्यामागचा घाम दाखवायचा, नायक खोटा असतो हे पटवायचं आणि नवीनला खराखुरा शूर ठरवायचं. चित्रपटाचा हेतू वाईट नाही. जळालेल्या स्टुडिओत उभं राहून धर्मेंद्र सिनेमाच्या कामगारांविषयी बोलतो, हिरो व्हायला आलेला असरानी एक्स्ट्राच्या गर्दीत हरवतो, ते प्रसंग आजही चटका लावतात. पण आदल्याच वर्षी राजूची ओढ त्याच्या आत्म्याचं बीज ठरली होती आणि गुड्डीची ओढ उपचाराची बाब ठरली. मुलाने शिक्षिकेवर प्रेम केलं तर तो कलावंत होणार. मुलीने नटावर केलं तर तिचं डोकं ठिकाणावर आणून लग्न लावायचं. इतक्या प्रेमळ माणसांनी, इतक्या प्रेमळ चित्रपटात हे केलं, म्हणूनच ते मला जास्त लागतं.

'जोकर' आपटल्यावर राज कपूरने १९७३ साली 'बॉबी' काढला आणि किशोरवयीन प्रेम हा धंद्याचा भरवशाचा माल झाला. सप्टेंबरमध्ये चित्रपट लागला तेव्हा डिंपल कापडिया १६ वर्षांची होती. मार्चमध्येच तिचं लग्न झालं होतं. गोव्यातल्या ख्रिस्ती कोळ्याची मुलगी तिच्यामुळे देशभर पोचली खरी, पण आखूड कपड्यांतली, हसरी आणि निरागस अशी. तिचं वय आणि तिच्यावर रोखलेला कॅमेरा यांचा हिशेब तेव्हा कुणी मांडला नाही.

एवढं सगळं मागे असताना २९ एप्रिल २०१६ रोजी मंजुळे यांचाच 'सैराट' लागला.

त्या उन्हाळ्यात ज्यांनी तो चित्रपटगृहात पाहिला त्यांना आठवत असेल. गाणं लागलं की पोरं खुर्च्या सोडून पडद्यापुढे नाचत होती. अजय-अतुलचं संगीत, करमाळ्याकडचा तो मोकळा प्रदेश, बिटरगावच्या पाटलांची अर्चना. आर्ची बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते हे सगळ्यांनी सांगितलं, लिहिलं. मला त्याहून मोठी वाटते ती तिची नजर. तिच्यावर जीव जडलेला परश्या चोरून बघणाऱ्या मुलांच्या जुन्या परंपरेतला, जब्याचा आणि मुकुंदाचाच भाऊ. पण इथे ती परत बघते. वर्गात त्याच्याकडे रोखून बघते, आणि डोळे खाली घालायची वेळ त्याच्यावर येते. विहिरीत पोहणाऱ्या पोरांना ती बाहेर काढते. परश्याच्या घरी जाते, पाणी मागून पिते. आवडलं तर आवडलं म्हणते. मराठी पडद्यावर एवढ्या वयाच्या मुलीने आपली इच्छा इतक्या सहजपणे, अपराधाचा लवलेश नसताना, भर उन्हात उभी केलेली मी तोवर पाहिली नव्हती.

या धिटाईला पाया आहे, आणि तो मंजुळे लपवत नाहीत. बुलेट तिच्या वडिलांची, तात्यांची, ट्रॅक्टर तात्यांचा, दरारा पाटीलकीचा. ती हुकूम सोडू शकते कारण ती पाटलाची आहे. ज्या सत्तेच्या जोरावर ती मुक्तपणे बघते, तीच सत्ता उद्या तिच्या बघण्यावर उठणार असते. परश्याबरोबर पळून हैदराबादच्या झोपडपट्टीत पोचल्यावर हे सगळं गळून पडतं. तिथला वास, तिथली अंधारी खोली, घरच्या आठवणीने येणारं रडू. तिच्यावर जीव ओवाळून टाकणारा परश्या संशयाने तिच्यावर हात उगारतो, तोही प्रसंग येतो. पहिल्या भागात मंद गतीने उडणारी ओढणी पाहून टाळ्या पिटणाऱ्या प्रेक्षकाला दुसऱ्या भागात चुपचाप बसावं लागतं, कारण इथे मूर्ती नाही, कारखान्यात कामाला जाणारी, तेलुगू शिकणारी, हळूहळू संसार जोडणारी बाई आहे. बऱ्याच जणांना हा उत्तरार्ध लांबलेला वाटला. मला तोच खरा आर्चीचा चित्रपट वाटतो.

शेवटाविषयी मात्र थोडं सविस्तर बोलायला हवं.

आपल्या लोकपरंपरेत मुलीला एकच ओढ उघडपणे बोलून दाखवायची मुभा होती, ती माहेरची. भोंडल्याची, हादग्याची, विदर्भ-खानदेशातल्या भुलाबाईची गाणी याच ओढीने भरलेली आहेत. जात्यावरच्या ओव्यांचं तर विचारायलाच नको. गी पॉइटवां आणि हेमा राईरकर यांनी सहकाऱ्यांसह गावोगाव फिरून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. त्यांत आई आहे, आणि वाटेवर डोळे लावून जिची वाट पाहावी ती भावाची चाहूल आहे. मुऱ्हाळी येणार, लुगडं-चोळी आणणार, बहिणीला घेऊन जाणार. प्रियकराचं नाव घेता येत नव्हतं, तेव्हा त्या पोरींनी सगळी माया भावाच्या नावाने गायली असेल, असं मला त्या ओव्या वाचताना कैकदा वाटून गेलं आहे.

'सैराट'मध्ये आर्ची आईला फोन लावते. पोराला आजीशी बोलायला देते. परजातीच्या मुलावरच्या प्रेमाने ती घर सोडून इतकी दूर आली, पण तिचा पत्ता माहेरपर्यंत पोचतो तो या दुसऱ्या, समाजमान्य ओढीतून. आणि मग भाऊ येतो. आहेर घेऊन येतो. आर्चीच्या चेहऱ्यावर त्या क्षणी जो आनंद, जी लगबग दिसते, ती शेकडो वर्षांच्या ओव्यांतली आहे. ती चहा टाकते. पुढे काय होतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. मंजुळ्यांनी त्या प्रसंगात पार्श्वसंगीत काढून घेतलं. 'ऑनर किलिंग'ची बातमी आपण वर्तमानपत्रात वाचतो तेव्हा जात दिसते, इज्जत दिसते. त्या पोरीला भावाला पाहून आनंद झाला असेल, हे कुठलीच बातमी सांगत नाही. 'सैराट'ने ते सांगितलं. २०१८ साली हिंदीत 'धडक' झाला तेव्हा नवरा आणि मूल मारून मुलीला जिवंत ठेवलं, जातीचा दाह सौम्य केला, आणि मूळ चित्रपटातली ही जखमच हातातून निसटली.

'सैराट'मुळे पोरी बिघडतात, पळून जातात, असं तेव्हा चावडीपासून चॅनेलपर्यंत बोललं गेलं. त्या मुलींचं पडद्याबाहेरचं जग कसं आहे ते पाहू. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीनुसार (२०१९-२१) महाराष्ट्रातल्या २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी २१.९ टक्के जणींचं लग्न अठरा पूर्ण होण्याआधी झालेलं होतं. ऊसतोडीला जाणाऱ्या बीडसारख्या जिल्ह्यांत मुलीला मागे एकटी ठेवायची भीती आणि कोयत्याला जोडी हवी ही गरज, या दोन्हींतून पोरी लवकर उजवल्या जातात. त्या लग्नांत पळून जाणं नसतं, ओढ नसते, आणि म्हणून फारशी आरडाओरडही नसते. उलट बाजूला पॉक्सो कायदा आहे. २०१२ साली आलेल्या या कायद्याने अठराखालच्या मुलीच्या संमतीला अर्थ उरलेला नाही. लहान मुलांना नराधमांपासून वाचवणारा हा कायदा हवाच. पण 'एनफोल्ड' या संस्थेने महाराष्ट्र, आसाम आणि पश्चिम बंगालमधले २०१६ ते २०२० या काळातले निकाल अभ्यासले तेव्हा जवळजवळ एक चतुर्थांश खटले प्रेमसंबंधांतून उद्भवलेले निघाले. मुलगी पळून गेली की बाप तक्रार देतो, मुलगा तुरुंगात जातो, मुलगी बालगृहात किंवा माघारी. तिने कुणाकडे का पाहिलं, हे ऐकायला त्या सगळ्या कागदपत्रांत जागा नसते. सिनेमा निदान ती जागा करू शकतो, म्हणून मी त्याच्याकडे एवढ्या आशेने बघते.

आर्ची झालेली रिंकू राजगुरू सोलापूर जिल्ह्यातल्या अकलूजची. चित्रपट लागला तेव्हा ती पंधराचीही झाली नव्हती. प्रदर्शनाआधीच राष्ट्रीय पुरस्कारांत तिच्या कामाचा खास उल्लेख झाला होता. पुढचं शाळेत जाणं गर्दीमुळे अशक्य झालं आणि दहावीची परीक्षा तिने बाहेरून दिली. एका शाळकरी मुलीला तिच्याच गावात रस्त्यावरून नीट चालता येऊ नये, इतकं आपण आर्चीवर प्रेम केलं. तिच्या वजनाविषयी, कपड्यांविषयी, नव्या फोटोंविषयी वर्षानुवर्षं चर्चा केली. पडद्यावर जी मुलगी बघणारी होती, तिला आपण बाहेर पुन्हा बघण्याची वस्तू करून टाकलं. 'अपूर संसार'मध्ये १४ वर्षांच्या शर्मिला टागोरला उभं करणाऱ्या सत्यजित राय यांच्या काळी निदान हे हातातले फोन नव्हते.

'सैराट'नंतर तसल्याच जोड्या, तसलीच गावं, तशीच गाणी घेऊन बरेच चित्रपट आले आणि गेले. त्यांविषयी लिहिण्यासारखं काही नाही. लिहिण्यासारखं आहे ते जयंत सोमलकर यांच्या 'स्थळ'विषयी. २०२३ साली टोरोंटोच्या महोत्सवात त्याला नेटपॅक पुरस्कार मिळाला आणि मार्च २०२५ मध्ये तो आपल्याकडे लागला. चंद्रपूरकडचं डोंगरगाव, कापूस पिकवणारे वडील, आणि सविता. नंदिनी चिकटे या नव्या मुलीने ती केली आहे. सविता समाजशास्त्र शिकते, स्पर्धा परीक्षेची तयारी करते. ती किशोरवयाच्या उंबरठ्यापलीकडची आहे, तरी इथे तिचा उल्लेख करायला हवा, कारण या चित्रपटाची सुरुवात आपण ज्याच्या शोधात आहोत तिथूनच होते. मुलगी बघायचा कार्यक्रम चालला आहे आणि बसून प्रश्न विचारणारी मुलगीच आहे. समोर बसवलेला आहे तो मुलगा. नाव काय, शिक्षण काय, उंची किती. ते सविताचं स्वप्न असतं. मग ती जागी होते आणि उरलेल्या चित्रपटात तेच प्रश्न तिला विचारले जातात. पुन्हा, पुन्हा, वेगवेगळ्या पाहुण्यांकडून, त्याच घरात, तशाच पद्धतीने. कॅमेरा फारसा हलत नाही. तो तिला सुंदर करायला जात नाही आणि बिचारीही करत नाही.

सविताला आवडतो तो कॉलेजातला तरुण प्राध्यापक, स्त्रियांच्या सबलीकरणावर वर्गात शिकवणारा. गुड्डीचा धर्मेंद्र मुंबईत होता. सविताचा नायक फळ्यापुढे उभा असतो. पुस्तकातलं बोलणारा माणूस पुस्तकासारखा वागेल, असा विश्वास तिने टाकलेला आहे. सोमलकर या विश्वासाला हसत नाहीत आणि तो मोडण्यासाठी मामा-काकांची बैठकही बोलावत नाहीत. जे व्हायचं ते तिच्या देखत होतं आणि तिचं तिला कळतं. सावळ्या रंगाची, खेड्यातली, बापाच्या कापसाच्या भावावर जिचं लग्न अडलेलं आहे अशी मुलगी कुणाच्या आठवणीतली परी नसते. तरी तिला कुणीतरी आवडू शकतं, ही साधी गोष्ट पडद्यावर यायला किती वर्षं लागली!

इंग्रजी-हिंदी बोलणाऱ्या वर्गातली मुलगी शुची तलाटी यांनी 'गर्ल्स विल बी गर्ल्स'मध्ये (२०२४) दाखवली. हिमालयातल्या निवासी शाळेची हेड प्रीफेक्ट मीरा, तिला आवडणारा श्री, आणि मुलीवर पहारा ठेवता ठेवता त्या मुलाच्या लाघवाने स्वतःच सुखावणारी आई. मीरा आपल्या शरीराविषयी अभ्यासू मुलीच्या चिकाटीने शोध घेते, सराव करते. प्रीती पाणिग्रहीने हे असं केलं आहे की त्यात चोरटेपणा नाही. सनडान्स महोत्सवात तिला अभिनयासाठी खास पुरस्कार मिळाला. तुर्कस्तानातल्या काळ्या समुद्राकाठच्या गावातल्या पाच बहिणींवरचा 'मस्टँग' (२०१५) हाही असाच. डेनिझ गमझे एर्गुवेन यांनी ती गोष्ट सर्वांत धाकट्या बहिणीच्या तोंडून सांगितली आहे. लिस्बन बहिणींसारख्या याही पाच जणी घरात कोंडलेल्या, पण इथे समोरच्या घरातली मुलं निवेदन करत नाहीत. खिडकीला गज बसतात तेव्हा आपण गजांच्या आत असतो, आणि त्यातून पळून जायची तयारी करणारी पोर आपल्याशी बोलत असते.

या चित्रपटांच्या दिग्दर्शक स्त्रिया आहेत म्हणून ते चांगले, इतकं सोपं हे नाही. सोमलकर आणि मंजुळे पुरुषच आहेत. पण वयात येण्याच्या काही गोष्टी अशा आहेत की त्या पडद्यावर आणायचं पुरुषांना सुचलेलंच नाही. आपल्या आज्यांच्या काळी न्हाण आलं की मुलीला मखरात बसवत, गोडधोड करत आणि त्याच दिवसापासून तिचं अंगण आखडत. एवढा मोठा विधी, आणि शाळकरी प्रेमाच्या एवढ्या गाजलेल्या मराठी चित्रपटांत तो नाही. शिरोडकरला, प्राजक्ताला, शालूला कधी पोटात दुखत नाही.

आसाममधल्या छयगावच्या रीमा दास यांनी ते दाखवलं. कुठल्याही फिल्म स्कूलमध्ये न गेलेल्या या बाईंनी आपल्याच गावी, गावच्याच मुलांना घेऊन, स्वतः कॅमेरा धरून 'व्हिलेज रॉकस्टार्स' (२०१७) केला. त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं आणि भारताकडून तो ऑस्करला गेला. धुनूला गिटार हवी आहे. ती मुलांबरोबर झाडांवर चढते, पुराच्या पाण्यात पोहते. मग ती वयात येते, गावच्या बायका विधी करतात, तिला साडी नेसवतात, आणि आता झाडावर चढू नको म्हणून बोल लावतात. तेव्हा धुनूची विधवा आई त्या बायकांना सुनावते आणि लेकीची बाजू घेते. त्या आईला पाहून मला 'कुंकू'तल्या शकुंतला परांजपे आठवल्या. पुढे 'बुलबुल कॅन सिंग'मध्ये (२०१८) त्याच परिसरातली तीन किशोरवयीन मुलं आहेत. एकांतात बसलेल्या जोड्यांना संस्कृतिरक्षक मारहाण करतात, शाळा मुलांनाच काढून टाकते, आणि एक मुलगी जीव देते. तिच्याविषयी कुणी हळवं निवेदन करत नाही. मागे उरलेल्या बुलबुलला सकाळी उठून जगायचं असतं, आणि कॅमेरा तिच्याबरोबर राहतो.

धुनू झालेल्या भनिता दासला सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. त्यानंतर रीमा दास तिला विसरल्या नाहीत. त्या पुन्हा त्याच गावी गेल्या आणि मोठ्या झालेल्या भनितालाच घेऊन त्यांनी 'व्हिलेज रॉकस्टार्स २' केला. २०२४ साली बुसानमध्ये तो पहिल्यांदा दाखवला गेला आणि किम जिसोक पुरस्कार घेऊन आला. पुढच्या वर्षी बर्लिनच्या 'जनरेशन' विभागात तो दाखवला गेला, जिथे नऊ वर्षांपूर्वी 'सैराट' दाखवला गेला होता. धुनू आता मोठी झाली आहे, घराची जबाबदारी तिच्यावर येऊन पडली आहे, आणि गिटार वाजवायची तिची इच्छा अजून शाबूत आहे. आपल्याकडे 'टाइमपास'चे पुढचे भाग निघाले, तेही पुन्हा दगडूचेच. शिरोडकर आता साठीच्या पुढे गेली असेल. तिच्याकडे जायला अजून कुणी निघालेलं नाही.